विनोदी नटाची लेखणी

नाटकाहून घरी परतणाऱ्या मंडळींची बोलणी आपण कधी लक्ष देऊन ऐकली आहेत काय? नाटक गंभीर असेल तर त्याची चर्चा दोन-चार दिवस चालते. नायकाचे वागणे योग्य की अयोग्य यावर वाद होतात, एखाद्या प्रवेशाची आठवण निघून डोळे पुन्हा ओलावतात. नाटक विनोदी असेल तर मात्र "करमणूक बरी झाली" एवढ्या एका वाक्यावर त्याची बोळवण होते. ज्याने तीन तास आपणांस हसविले, त्याने नेमके काय केले व ते कसे साधले, हे विचारण्याची गरज कोणासही भासत नाही. हसू आपले आपणच आले, अशी आपली समजूत असते. रडविणाऱ्याचे कष्ट आपल्याला दिसतात. हसविणाऱ्याचे दिसत नाहीत, आणि ते दिसू न देणे हाच त्याच्या कलेचा अर्धा भाग असल्यामुळे दोषही कोणाला देता येत नाही.

आज मी ज्या कलावंताविषयी बोलणार आहे, त्याने सुमारे सहा दशके महाराष्ट्राला हसविले आहे, आणि नुसते अभिनयाने नव्हे, तर लेखणीनेही. श्री. दिलीप प्रभावळकर हे त्यांचे नाव. त्यांची कारकीर्द रंगभूमी, दूरचित्रवाणी, चित्रपट आणि वृत्तपत्री सदर अशा चारही क्षेत्रांत पसरलेली असल्यामुळे हसविण्याचा व्यवसाय प्रत्येक ठिकाणी कसा बदलतो, हे समजून घेण्यास तिच्यासारखे दुसरे उदाहरण सहसा मिळावयाचे नाही.

प्रारंभ मात्र नाशिकपासूनच केला पाहिजे, आणि तो केवळ गावाच्या अभिमानापोटी नव्हे. त्र्यंबकेश्वरी १८७० साली जन्मलेले दादासाहेब फाळके १९१३ मध्ये आपली चित्रपटांची सामग्री घेऊन नाशिकला आले. पौराणिक चित्रपटांनी त्यांचे नाव झाले हे सर्वांस ठाऊक आहे. परंतु 'पिठाचे पंजे' नावाचा एक छोटा विनोदी चित्रपटही त्यांनी काढला होता, हे फार थोड्यांच्या स्मरणात असेल. देवादिकांच्या कथांइतकीच चार घटकांची हसवणूकही प्रेक्षकाला हवी असते, हे त्या चतुर माणसाने आरंभीच ओळखले होते. पुढे १९१७ साली त्यांनी 'लंकादहन' काढला. त्यात अण्णा साळुंके या नटाने राम आणि सीता या दोन्ही भूमिका केल्या. मुंबईच्या एका उपाहारगृहात काम करणारा हा मनुष्य एका चित्रात धनुर्धारी पुरुष होई आणि दुसऱ्यात शोकाकुल स्त्री. एकाच देहातून दोन माणसे उभी करण्याची ही विद्या आपण ध्यानात ठेवू. पुढे तिचा पुन्हा उल्लेख यावयाचा आहे.

श्री. प्रभावळकरांचा जन्म ४ ऑगस्ट १९४४ चा. शिक्षण विज्ञान शाखेचे, आणि पुढे नोकरी औषधे बनविणाऱ्या कंपनीतली. नाटक ही हौस आणि नोकरी हे पोट, अशी मराठी मध्यमवर्गातील नटांची जुनी वाटणी त्यांच्याही वाट्याला आली. या वाटणीचा आपण बहुधा कीव करण्याच्या सुरात उल्लेख करतो, पण तिचा एक लाभ होता. दिवसाचे आठ तास ज्याला कचेरीत काढावे लागतात, त्याला कारकून, साहेब, शिपाई, विक्रेता, रजेचा अर्ज खिशात घेऊन फिरणारा संकोची गृहस्थ, हे सारे विनामूल्य पाहावयास मिळतात. विनोदी नटाचे भांडवल यांहून निराळे काय असते? गंभीर नटाला वीरश्रीचा किंवा शोकाचा अभ्यास काव्यातून करता येईल. विनोदी नटाला मात्र लोकलच्या डब्यात आणि वाण्याच्या दुकानातच शिकावे लागते.

त्यांची पहिली महत्त्वाची शाळा म्हणजे बालरंगभूमी. रत्नाकर मतकरी यांनी १९६२ च्या सुमारास मुलांसाठी नाटके करणारी संस्था उभारली. तिच्या 'अलबत्या गलबत्या' या नाटकात प्रभावळकरांनी चिंची नावाची चेटकीण रंगविली आणि ती त्या काळच्या बालप्रेक्षकांच्या मनात कायमची जाऊन बसली. मोठ्या माणसांसमोर नाटक करणे सोपे, मुलांसमोर अवघड. मोठा प्रेक्षक कंटाळला तरी सभ्यपणाने बसून राहतो. मूल कंटाळले की लगेच मागे वळून आईशी बोलू लागते. शिवाय चेटकिणीची भूमिका म्हणजे दुधारी शस्त्र. ती भ्यावी इतकी भयंकर असली पाहिजे आणि रात्री झोप उडू नये इतकी हास्यास्पदही. भय आणि हसू यांतील ही नेमकी रेषा ज्याला सापडली, त्याला पुढे कोठलीही भूमिका परकी वाटावयाची नाही. मतकरींच्याच 'आरण्यक' या महाभारतावरील गंभीर नाटकात याच नटाने विदुराची भूमिका केली, ही गोष्ट त्या शिक्षणाची साक्ष देते.

आता आपण त्या भूमिकेकडे येऊ, जिच्यामुळे प्रभावळकर हे नाव घरोघरी गेले. ती भूमिका चिमणरावाची. चिमणरावाचे जनक चिंतामण विनायक जोशी हे १८९२ मध्ये जन्मले आणि १९६३ मध्ये निवर्तले. ते पाली भाषेचे गाढे अभ्यासक व बडोद्याच्या महाविद्यालयात अध्यापक होते. बौद्ध ग्रंथांच्या अध्ययनात आयुष्य घालविणाऱ्या या विद्वानाने एक भित्रा, सरळमार्गी, किंचित पढिक असा पुणेरी गृहस्थ निर्माण केला, आणि त्याच्या जोडीला गुंड्याभाऊ हा शरीराने दणकट व बोलण्यात त्याहूनही दणकट असा सोबती दिला. मास्टर विनायक यांनी १९४० साली 'लग्न पहावे करून' या चित्रपटात ही जोडी पडद्यावर आणली. तेव्हा दामूअण्णा मालवणकर चिमणराव झाले होते आणि विष्णुपंत जोग गुंड्याभाऊ. म्हणजे प्रभावळकरांच्या वाट्याला हे पात्र आले तेव्हा ते वाचकांच्या परिचयाचे तर होतेच, पण एका लोकप्रिय नटाची मुद्राही त्यावर उमटलेली होती.

मुंबईचे दूरदर्शन केंद्र २ ऑक्टोबर १९७२ रोजी सुरू झाले, आणि त्या दशकाच्या उत्तरार्धात 'चिमणराव गुंड्याभाऊ' ही मालिका तेथून प्रक्षेपित होऊ लागली. प्रभावळकर चिमणराव आणि बाळ कर्वे गुंड्याभाऊ. चित्र काळेपांढरे, प्रवेश बहुतेक घरातलेच. चाळीत किंवा आळीत एखाद्याकडेच संच असावयाचा आणि शेजारीपाजारी सतरंजीवर दाटीने बसून तो पाहावयाचे. बाळ कर्वे २०२५ साली दिवंगत झाले, तेव्हा वर्तमानपत्रांनी त्यांच्या नावाआधी 'गुंड्याभाऊ' हेच नाव लिहिले. सुमारे अर्ध्या शतकानंतरही एखादी भूमिका नटाच्या नावापुढे उभी राहते, याचा अर्थ काय तो आपण समजून घेऊ.

पण त्याआधी एक तांत्रिक गोष्ट पाहिली पाहिजे. चिं. वि. जोशी यांच्या कथा चिमणराव स्वतः सांगतो. आपल्या फजितीचे वर्णन तो अशा निरागस गांभीर्याने करतो की, जे त्याला कळलेले नाही ते वाचकाला कळते, आणि विनोद त्या फटीतून उगवतो. कथेची मालिका केली की हा 'मी' नाहीसा होतो. पडद्यावर चिमणराव स्वतःची हकीकत सांगत नाही, तो ती जगतो. मग वाक्यांतला निरागसपणा कोठे ठेवावयाचा? तो नटाला आपल्या चेहऱ्यावर ठेवावा लागतो. आपण हास्यास्पद आहोत याची पुसटशीही जाणीव चिमणरावाच्या मुद्रेवर दिसता कामा नये. ती दिसली की विनोद मेला. प्रभावळकरांनी हेच साधले. त्यांचा चिमणराव प्रेक्षकाला हसविण्याच्या खटपटीत कधी दिसला नाही. तो बिचारा आपला संसार नीट करण्याच्याच खटपटीत असे.

येथे रंगभूमी आणि दूरचित्रवाणी यांतील भेदही ध्यानात येईल. नाट्यगृहात हसू हे सामुदायिक असते. एकाचे हसू दुसऱ्याला लागते, आणि नटाला ते ऐकू येते. अनुभवी नट हशा पूर्ण ओसरण्याची वाट पाहत नाही. तो उतरणीला लागला की पुढचे वाक्य टाकतो, म्हणजे शब्द ऐकू येतो आणि लयही मोडत नाही. चित्रणगृहात समोर प्रेक्षकच नाही. तेथे यंत्रे आहेत, दिवे आहेत आणि कामात गुंतलेले चार तंत्रज्ञ आहेत. न ऐकू येणाऱ्या हशासाठी किती जागा सोडावयाची, हे नटाला मनाशीच ठरवावे लागते. अधिक सोडली तर प्रवेश लंगडतो, आणि कमी सोडली तर घरी हसणाऱ्या कुटुंबाचे पुढचे वाक्य बुडते. शिवाय नाट्यगृहाच्या शेवटच्या रांगेपर्यंत पोहोचावा म्हणून नट हावभाव मोठे करतो. दूरचित्रवाणीत कॅमेरा त्याच्या नाकापाशी येऊन बसतो, आणि तेच हावभाव तेथे आक्राळविक्राळ दिसतात. ज्या नटांना रंगभूमीवरून या पेटीत येताना आपला आवाज आणि हात आवरता आले नाहीत, ते तेथे टिकले नाहीत. प्रभावळकर टिकले, कारण आवरणे हाच त्यांचा पिंड होता.

आता त्या अर्ध्या शतकाच्या स्मरणाचा अर्थ पाहू. लोकप्रियता विनोदी नटाला जे देते त्याची किंमतही वसूल करते. गंभीर नटाने एका वर्षी राजा आणि पुढच्या वर्षी भिकारी रंगविला तर लोक त्याची वाहवा करतात. विनोदी नटाकडून मात्र तेच हसू, तोच आवाज, तीच लकब पुन्हा पुन्हा मागितली जाते. निर्मात्यालाही तेच हवे असते, कारण विकलेला माल पुन्हा विकणे सोपे. आपल्याकडे कित्येक गुणी विनोदी नट या मागणीला बळी पडले. त्यांची लकब राहिली आणि माणूस झिजून गेला. चिमणरावानंतर प्रभावळकरांच्या पुढे हाच रस्ता मोकळा होता. उरलेले आयुष्य घाबरट, चष्मेवाल्या, सालस गृहस्थांच्या भूमिकांवर सहज निघाले असते. तसे झाले असते तर आज त्यांच्यावर भाषण करण्याचे प्रयोजनही उरले नसते.

त्यांनी काय केले ते दोन चित्रपटांवरून स्पष्ट होते. १९९१ सालच्या 'चौकट राजा'त त्यांनी नंदू हा, वयाने वाढलेला पण बुद्धीने बालच राहिलेला मनुष्य साकारला. दोनच वर्षांनी, १९९३ मध्ये, महेश कोठारे यांच्या 'झपाटलेला' या चित्रपटात ते तात्या विंचू हा क्रूर गुन्हेगार झाले. या गुन्हेगाराचा आत्मा एका बाहुल्यात शिरतो, आणि तेथून पुढे नटाचा देहच पडद्यावरून जातो, उरतो तो केवळ आवाज. रामदास पाध्ये यांच्या बाहुल्याला त्यांनी जो घोगरा, खुनशी स्वर दिला, त्याने एका संपूर्ण पिढीच्या मुलांना पांघरुणात तोंड लपवावयास लावले, आणि तीच मुले दुसऱ्या दिवशी शाळेत त्या आवाजाची नक्कल करीत हसत. चिंची चेटकिणीच्या वेळी सापडलेली भय आणि हसू यांतील रेषा ती हीच.

नंदूचे उदाहरण अधिक नाजूक आहे. व्यंगावर हसणे ही आपल्या विनोदाची फार जुनी आणि फार वाईट खोड. तोतरा, बहिरा, तिरळा, वेडसर यांना रंगमंचावर आणावयाचे आणि प्रेक्षकांनी पोट धरून हसावयाचे, असे वर्षानुवर्षे चालले. ज्या नटाच्या नावाशी हसूच जोडलेले आहे त्याने अशी भूमिका घ्यावी, यात मोठा धोका होता. प्रेक्षक सवयीने हसले असते तर भूमिका संपलीच होती. प्रभावळकरांचा नंदू पाहताना आपण हसतो ते तो खुशीत असतो तेव्हा, त्याच्या खुशीत सामील होऊन. त्याच्या व्यंगाला हसण्याचे धाडस होत नाही. माणसावर हसणे आणि माणसासह हसणे यांतील अंतर व्याख्यानांनी समजावून देता येत नाही, ते असे दाखवावे लागते. जयवंत दळवी यांच्या 'नातीगोती' नाटकात ते अशाच मुलाचे वडीलही झाले होते. एकाच दुःखाच्या दोन्ही बाजू त्यांनी अंगावर घेतल्या, हे आपण विसरता कामा नये.

पण दुसऱ्याने लिहिलेल्या भूमिकांची वाट पाहत बसणाऱ्या नटाचे स्वातंत्र्य शेवटी मर्यादितच. त्याला लिहिता येत असेल तर मात्र तो आपले भाग्य थोडेफार आपल्या हाती घेऊ शकतो. प्रभावळकरांनी स्वतःसाठी 'हसवाफसवी' हे नाटक लिहिले आणि त्यात स्वतःच सहा भूमिका केल्या. एकच नट, पण आवाज, चाल, वय, बोली, किंबहुना बसण्या-उठण्याची तऱ्हाही प्रत्येक वेळी निराळी. विंगेत गेलेला मनुष्य दोन-चार मिनिटांत दुसराच होऊन बाहेर येई. वेषांतराची घाई हा यातला गमतीचा भाग, पण तो वरवरचा. वेष बदलणे सोपे आहे, श्वास बदलणे कठीण. म्हातारा वाक्याच्या कोणत्या शब्दाशी दम घेतो आणि तरुण कोणत्या, हे कळल्याशिवाय टोप आणि मिशा काही उपयोगाच्या नाहीत. साळुंके यांच्या राम-सीतेची विद्या येथे सहापटींनी वाढलेली आढळते.

या सहा जणांत कृष्णराव हेरंबकर हा संगीत रंगभूमीवरचा वृद्ध नट आहे. गात्रे थकली आहेत, स्मरण दगा देते, पण जुन्या वैभवाचा उजेड अद्याप डोळ्यांत आहे. त्याचे बोलणे ऐकून प्रेक्षक हसू लागतात, आणि मग हळूहळू ते हसू घशात अडकते. नाशिककरांना येथे दुसऱ्या एका वृद्ध नटाची आठवण झाल्यावाचून राहणार नाही. आपल्याच गावच्या वि. वा. शिरवाडकरांनी १९७० साली 'नटसम्राट' मध्ये गणपतराव बेलवलकर उभा केला. बेलवलकर वादळासारखा आहे. त्याचे दुःख बोलके, भव्य, काव्यमय आहे. हेरंबकर त्याचा धाकटा भाऊ म्हणावा. त्याच्यापाशी मोठी स्वगते नाहीत, दुःखाची पुरती जाणीवही नाही. म्हातारपण दोघांनाही सारखेच लुबाडते. एकाची कहाणी शोकनाट्यातून सांगितली गेली, दुसऱ्याची हास्यनाट्यातून, आणि दुसरी पहिलीपेक्षा खालच्या पायरीवरची आहे असे मला तरी वाटत नाही. पुढे पुष्कर श्रोत्री यांनी हेच नाटक नव्याने रंगभूमीवर आणले. लिहिणारा नट बाजूला झाल्यावरही संहिता उभी राहते, तेव्हाच ती केवळ नटाच्या कसरतीची सोय नव्हती हे ठरते.

आता दूरचित्रवाणीच्या लेखनाकडे वळू. प्रभावळकर 'अनुदिनी' या नावाचे एक वृत्तपत्री सदर लिहीत. टिपरे नावाच्या मध्यमवर्गीय कुटुंबातील माणसे आपापली रोजनिशी लिहितात, अशी त्याची कल्पना. त्यावरूनच 'श्रीयुत गंगाधर टिपरे' ही मालिका निघाली. केदार शिंदे यांनी दिग्दर्शित केलेली ही मालिका २००१ पासून २००४ पर्यंत अल्फा मराठी वाहिनीवर चालली. निवृत्त आबा टिपरे स्वतः प्रभावळकर. मुलगा शेखर राजन भिसे, सून श्यामला शुभांगी गोखले, आणि नातवंडे शलाका व शिऱ्या ही रेश्मा नाईक व विकास कदम. घरात भांडण नाही असे नाही, पण कारस्थान नाही. कोणी कोणाच्या दुधात विष कालवीत नाही, कोणाची मालमत्ता कोणी बळकावीत नाही. गॅस संपतो, पाहुणा येतो, परीक्षेचा निकाल लागतो, आणि तेवढ्यावर अर्ध्या तासाचा भाग उभा राहतो.

हे कसे साधले याचे उत्तर रोजनिशीच्या युक्तीत आहे, आणि ती युक्ती वाटते त्यापेक्षा खोल आहे. मघाशी मी म्हटले की, चिमणरावाच्या कथेतला 'मी' पडद्यावर येताना गळून पडला होता. टिपऱ्यांच्या रोजनिशीने तो 'मी' दूरचित्रवाणीला परत मिळवून दिला, आणि एक नव्हे, घरात जितकी माणसे तितके. घडलेली गोष्ट एकच, परंतु आजोबांच्या वहीत ती एक असते, सुनेच्या वहीत दुसरी आणि नातवाच्या वहीत तिसरीच. प्रेक्षकाला सगळ्या वह्या वाचावयास मिळतात, घरातल्या माणसांना फक्त आपापली. कोणीच खोटे लिहीत नाही, आणि तरीही कोणाचेच पुरते खरे नसते. विनोद या फटीतून उगवतो, आणि मायाही तेथूनच. मालिका पाहणाऱ्या घरातही आजोबा, सून आणि नातू शेजारीशेजारी बसलेले असत. प्रत्येकाला आपली बाजू मांडलेली दिसे, आणि दुसऱ्याचीही काही बाजू आहे हे हसता हसता कळे. घरातल्या घरात हे सांगावयास गेले असते तर वाद झाला असता.

दूरचित्रवाणीसाठी लिहिणाऱ्यापुढील मोठी अडचण अशी की, ही पेटी मजकूर फार खाते. नाटककाराने दोन वर्षांत एक नाटक लिहिले तरी चालते, पण मालिकेला आठवडाही दम धरवत नाही. मग लेखक घाईने प्रसंग वाढवितो, अपघात आणतो, हरवलेले जुळे भाऊ शोधून काढतो. रोजनिशीत मात्र प्रसंग मोठा असण्याची गरजच नसते. दिवस उगवला की मजकूर तयार. सामान्य दिवसाकडे पाहण्याची नजर तेवढी हवी. ती नजर नटाला त्याच्या व्यवसायानेच दिलेली होती. आयुष्यभर माणसांच्या लहान लहान सवयी टिपून ठेवणाऱ्याला घटनांचा दुष्काळ कसा पडावा?

येथवर मी बहुतांशी गौरवच केला. न्यायाने एक गोष्ट सांगितली पाहिजे. अशा कलावंताविषयी बोलताना सारे श्रेय त्या एकाच्या पदरात टाकण्याचा मोह होतो. गुंड्याभाऊवाचून चिमणराव अपुरा, पाध्ये यांच्या बाहुल्यावाचून तात्या विंचूचा आवाज निराधार, आणि टिपऱ्यांचे घर तर सगळ्यांनी मिळूनच बांधलेले. विनोद ही एकट्याने करावयाची गोष्ट नव्हे. समोरच्याने चेंडू नीट टाकला तरच षटकार बसतो. शिवाय 'वासूची सासू'सारख्या नाटकात पुरुषाने स्त्रीवेष घेतला की तो क्षणभरात उथळ थट्टेकडे घसरू शकतो. तो तोल त्यांनी सांभाळला म्हणून त्यांचे अनुकरण करणाऱ्या प्रत्येकाला तो सांभाळता आलाच असे नाही.

२००६ साली एक नवलाची गोष्ट घडली. 'लगे रहो मुन्नाभाई' या हिंदी विनोदी चित्रपटात प्रभावळकर महात्मा गांधी झाले. हसविणाऱ्या नटाने आणि तेही विनोदी चित्रपटात गांधीजी व्हावे, ही कल्पना कोणालाही धक्का देणारी होती. एक जरी हावभाव अधिक झाला असता तर थट्टा झाली असती, आणि एक जरी उणा पडला असता तर पुतळा झाला असता. त्यांनी गांधीजींची नक्कल केली नाही. मृदू आवाजात, किंचित मिश्किल नजरेने ते एका गुंडाशी मित्रासारखे बोलले. 'गांधीगिरी' हा शब्द त्या वर्षी देशभर झाला. या भूमिकेसाठी आणि 'शेवरी' या मराठी चित्रपटातील कामासाठी त्यांना साहाय्यक अभिनेत्याचा राष्ट्रीय पुरस्कार लाभला. ज्याने आयुष्यभर आपल्या हसविण्याला लगाम घातला, त्यालाच गांधीजींच्या अंगचे हसू सापडले, याचे मला आश्चर्य वाटत नाही.

आपल्या आत्मकथनाला त्यांनी 'एका खेळियाने' हे नाव दिले. त्या नावातच त्यांची वृत्ती आहे. खेळिया हा गाजावाजा करीत नाही, खेळ संपला की तोंड पुसून घरी जातो. २०२५ मध्ये, वयाच्या एक्याऐंशीव्या वर्षी, 'दशावतार' या चित्रपटात कोकणातल्या वृद्ध दशावतारी कलावंताच्या भूमिकेत ते पुन्हा मुख्य पात्र म्हणून प्रेक्षकांपुढे आले. हेरंबकर लिहिला तेव्हा म्हातारपण ही त्यांनी बाहेरून पाहिलेली गोष्ट होती. आता ती अंगावर आलेली होती, आणि खेळ चालूच होता.

आपल्या नाशिकला परशुराम साईखेडकर नाट्यगृहात राज्य नाट्य स्पर्धेची प्राथमिक फेरी रंगते. हौशी तरुण मुले-मुली नोकरी, महाविद्यालय सांभाळून रात्री तालमी करतात. त्यांतल्या एखाद्याच्या वाट्याला हमखास विनोदी भूमिका येते, आणि ती मिळाली म्हणून तो थोडा खट्टूही होतो. त्याला मला एवढेच सांगावयाचे आहे की, बाबा रे, तुला खालचे काम मिळालेले नाही. तू ज्या माणसाची भूमिका करणार आहेस तो स्वतःला हास्यास्पद समजत नाही, हे आधी मनात पक्के कर. त्याच्यासारखा एखादा माणूस बाजारात, बसथांब्यावर शोध, आणि त्याला न कळत आठ दिवस पाहा. पाहिलेले रात्री वहीत लिहून ठेव. त्या वहीचे नाटक होईल न होईल, पण माणसे ओळखण्याची सवय लागेल, आणि ती सवय ज्याला लागली तो माणसांवर सहसा क्रूरपणे हसत नाही.

आणि आपण प्रेक्षकांनी काय करावे? पुढल्या वेळी कालिदास कलामंदिरातून एखादे विनोदी नाटक पाहून बाहेर पडाल, तेव्हा "करमणूक बरी झाली" एवढे म्हणून थांबू नका. आपण कोणत्या वाक्याला हसलो, कोणाला हसलो आणि का हसलो, याची घरी जाताना वाटेत थोडी चौकशी करा. त्या चौकशीत नटाची परीक्षा होईलच. पुष्कळ वेळा ती आपलीच निघते.